युद्धकाळातील मदतकार्य आणि वृत्तपटाचा कॅमेरा : चीनमधील भारतीय वैद्यकीय पथक (१९३८–१९४३)

मुख्य चित्रपटापूर्वी पडद्यावर दाखविल्या जाणाऱ्या, प्रत्यक्ष घडलेल्या प्रसंगांच्या लहान चित्रफितीस वृत्तपट असे म्हणतात. कुरखेडा, वडसा, ब्रह्मपुरी या परिसरातील ज्येष्ठ वाचकांना असे सरकारी वृत्तपट चांगले आठवत असतील. चित्रपटगृहात दहा मिनिटे उशिरा पोहोचलो तरी चालते, अशी सोयीची समजूत त्यांच्यामुळेच रूढ झाली होती. परंतु दूरचित्रवाणी येण्यापूर्वी, दूरदेशी चाललेल्या युद्धात होरपळणाऱ्या माणसांचे चेहरे सामान्य माणसाने पाहिले ते याच फितींतून. ते पाहून लोकांनी पैसा दिला, औषधे दिली, आणि काहींनी तर स्वतःस त्या कार्यात वाहून घेतले. मात्र जखमींना उचलणारे, त्यांची शुश्रूषा करणारे हात या फितींत फार थोड्या वेळा दिसतात. कॅमेऱ्याने मदतीला चालना दिली, पण मदत करणारा बहुधा चौकटीबाहेरच राहिला. प्रस्तुत लेखात हा इतिहास थोडक्यात मांडून, त्यातील एका मराठी अध्यायाची, म्हणजे नागपूर व सोलापूर येथील दोन डॉक्टरांचा समावेश असलेल्या वैद्यकीय पथकाची, विस्ताराने माहिती दिली आहे.

प्रारंभकाळ

युद्धातील शुश्रूषेचे चित्रीकरण चलच्चित्राच्या जन्मानंतर अवघ्या चार-पाच वर्षांत सुरू झाले. दक्षिण आफ्रिकेतील बोअर युद्धात विल्यम डिक्सन हा छायाचित्रकार अवजड बायोग्राफ यंत्र घेऊन ब्रिटिश सैन्याबरोबर गेला होता. जानेवारी १९०० मध्ये स्पिऑन कॉप येथील लढाईच्या वेळी त्याने तुगेला नदी ओलांडणाऱ्या रुग्णवाहक गाड्यांची रांग टिपली. त्याच लढाईत मोहनदास गांधी यांनी नाताळमधील भारतीयांतून उभारलेले सुमारे ११०० जणांचे रुग्णवाहक पथक जखमींना डोल्यांवरून वाहून नेत होते. त्यांपैकी बहुसंख्य लोक करारबद्ध मजूर होते. दिवसाकाठी वीस-पंचवीस मैलांची पायपीट त्यांना करावी लागे. शंभर वर्षांनंतर डिक्सनच्या फितीतील ती गाड्यांची रांग पाहता येते. मजुरांची नावे मात्र बहुतांशी विस्मृतीत गेली आहेत.

खऱ्या-खोट्याचा घोळही तेव्हापासूनचाच आहे. लंडनमध्ये रॉबर्ट पॉल यांनी याच युद्धातील प्रसंग इंग्लंडमध्येच अभिनीत करून चित्रित केले, आणि त्यांत रणांगणावर जखमींची सेवा करणाऱ्या परिचारिकांचाही एक देखावा होता. पॉल यांनी आपल्या फितींना उघडपणे ‘पुनर्निर्मिती’ असे नाव दिले होते. तंबूत बसून त्या पाहणाऱ्या प्रेक्षकास तेवढा भेद उमगत असेल, असे मानणे कठीण आहे.

आपल्याकडे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा यांनी १९०१ मध्ये मुंबईच्या चौपाटीवर रँग्लर परांजपे यांच्या स्वागताचा सोहळा चित्रित केला आणि भारतीय वृत्तपटाचा आरंभ झाला. पुढे १९१० पासून ब्रिटनमध्ये पाथे कंपनीचे वृत्तपट नियमितपणे निघू लागले. १९२७ मध्ये वृत्तपटास आवाजाची जोड मिळाली.

पहिल्या महायुद्धानंतर मध्य व पूर्व युरोपात उपासमारीचे थैमान सुरू झाले, तेव्हा या माध्यमाचा मदतकार्यासाठी हेतुपूर्वक उपयोग होऊ लागला. येथे ख्रिस्तसभेच्या इतिहासातील एक गोष्ट नोंदविण्याजोगी आहे. पोप पंधरावे बेनेडिक्ट यांनी नोव्हेंबर १९१९ मध्ये ‘पातेर्नो याम दिऊ’ या परिपत्रकाद्वारे, बेथलेहेमच्या निष्पाप बालहुतात्म्यांच्या सणानिमित्त, भुकेल्या बालकांसाठी सर्व चर्चमध्ये निधी गोळा करण्याचे आवाहन केले. पुढच्याच वर्षी ‘आन्नुस याम प्लेनुस’ या दुसऱ्या परिपत्रकात त्यांनी ‘सेव्ह द चिल्ड्रन’ या संस्थेच्या कार्याची प्रशंसा केली. ही संस्था कॅथलिक नव्हती, हे लक्षात घेतले म्हणजे त्या प्रशंसेचे मोल कळते. याच संस्थेने १९२१ मधील रशियन दुष्काळाचे चित्रीकरण करवून घेतले आणि ती फीत ब्रिटनमधील सभागृहांत दाखवून निधी जमविला. याच वर्षी जिनिव्हा येथील रेडक्रॉसच्या आंतरराष्ट्रीय परिषदेसाठीही मदतकार्यावरील फिती तयार करण्यात आल्या होत्या. अन्नछत्रासमोर उभी असलेली मुले, टायफसच्या साथीत चाललेले निर्जंतुकीकरण, मायदेशी परतणारे युद्धकैदी ही दृश्ये आज आपल्या अतिपरिचयाची झाली आहेत. त्यांचा पाया या काळात घातला गेला.

शांघाय, १९३७

जुलै १९३७ मध्ये जपानने चीनविरुद्ध सर्वंकष युद्ध सुरू केले. २८ ऑगस्ट रोजी शांघायच्या दक्षिण रेल्वे स्थानकावर बाँबवर्षाव झाला. शहर सोडून जाण्यासाठी शेकडो निर्वासित तेथे गाडीची वाट पाहत होते. हर्स्ट मेट्रोटोन या अमेरिकन वृत्तपट कंपनीचा चिनी छायाचित्रकार एच. एस. वोंग तेथे पोहोचला आणि त्याने चलच्चित्राबरोबरच लहान कॅमेऱ्याने काही छायाचित्रेही घेतली. उद्ध्वस्त फलाटावर एकटेच बसून आक्रोश करणारे, भाजलेले तान्हे मूल हे त्यांतील एक. वृत्तपत्रे, नियतकालिके व वृत्तपट यांतून जगभरातील सुमारे १३ कोटी ६० लाख लोकांनी हे दृश्य पाहिले, असा अंदाज तेव्हा वर्तविण्यात आला. अमेरिकेत चीनच्या मदतीसाठी जमलेल्या निधीमागे या एका चित्राचा मोठा वाटा होता.

या चित्रामागील हकिगत अधिक विचार करावयास लावणारी आहे. वोंग यांच्या सांगण्यानुसार, एका मनुष्याने ते मूल रुळांवरून उचलून फलाटावर आणून ठेवले आणि तो दुसऱ्या जखमी बालकास आणण्यासाठी परत गेला. मुलाची आई रुळांवर मृतावस्थेत पडली होती. प्रसिद्ध झालेल्या चित्रात हा मनुष्य नाही. तो दिसतो अन्य काही चित्रांत, आणि गंमत अशी की त्याच्या तेथील अस्तित्वावरूनच पुढे टीकाकारांनी संपूर्ण दृश्य बनावट असल्याचा आरोप केला. मूल एकटे असते तर शंका नव्हती. त्याला वाचविणारा शेजारी दिसला म्हणून शंका! प्रस्तुत लेखकास हा आरोप टिकणारा वाटत नाही. बाँब खरा होता, स्थानक खरे होते, आणि दोन बालकांना पाळीपाळीने उचलून नेणारा मनुष्य त्यांतील एकाला क्षणभर खाली ठेवणारच.

याच शहरात येशूसंघीय फ्रेंच धर्मगुरू फादर रोबेर जाकिनो कार्यरत होते. एका स्फोटात त्यांनी आपला एक हात पूर्वीच गमावला होता. नोव्हेंबर १९३७ मध्ये त्यांनी जपानी व चिनी अशा दोन्ही बाजूंच्या अधिकाऱ्यांशी स्वतः वाटाघाटी करून नानशी या जुन्या वस्तीचा एक भाग सुरक्षित क्षेत्र म्हणून मान्य करून घेतला. तेथे शस्त्रधारी सैनिक नसावेत आणि त्या बदल्यात हल्ला होऊ नये, एवढीच मुख्य अट होती. जून १९४० पर्यंत चाललेल्या या क्षेत्रात अडीच लाखांहून अधिक नागरिकांना आश्रय मिळाला, असे मानले जाते. निधीसाठी फादर जाकिनो १९३८ मध्ये अमेरिकेचा दौरा करून आले. युद्धप्रसंगी नागरिकांसाठी तटस्थ क्षेत्रे ठरविण्याची तरतूद १९४९ च्या चौथ्या जिनिव्हा करारात करण्यात आली. तिच्यामागे जी उदाहरणे होती, त्यांत शांघायच्या या क्षेत्राचा अंतर्भाव होतो. फादर जाकिनो यांचे निधन १९४६ मध्ये बर्लिन येथे झाले.

कॅमेरा होता तेथे, आणि नव्हता तेथे

डिसेंबर १९३७ मध्ये नानजिंग शहर जपानी सैन्याच्या हाती पडल्यावर तेथे जे हत्याकांड झाले, त्याचे सर्वांत महत्त्वाचे चलच्चित्र एका धर्मोपदेशकाने घेतले. जॉन मॅगी हे अमेरिकन एपिस्कोपल चर्चचे पाळक तेथील आंतरराष्ट्रीय रेडक्रॉस समितीचे अध्यक्ष होते. त्यांनी आपल्या १६ मिलिमीटरच्या कॅमेऱ्याने रुग्णालयातील जखमींचे चित्रण केले. त्या फिती जॉर्ज फिच यांनी आपल्या कोटाच्या अस्तरात शिवून शांघायला नेल्या. मदतकार्य करणाऱ्यानेच कॅमेरा हाती घ्यावा, आणि शुश्रूषेची नोंद पुढे साक्षीपुरावा ठरावी, असे हे उदाहरण आहे. मॅगी यांनी १९४६ मध्ये टोकियोच्या युद्धगुन्हे न्यायाधिकरणासमोर साक्षही दिली.

त्यापूर्वी दोन महिने, ९ ऑक्टोबर १९३७ रोजी, उत्तरेकडील हेबेई प्रांतातील झेंगडिंग येथे बिशप फ्रान्स श्रावेन आणि त्यांचे आठ सहकारी ठार मारले गेले. व्हिन्सेंशियन संघाचे हे डच बिशप आपल्या मिशनच्या आवारात निर्वासितांना आश्रय देत होते. तेथील स्त्रियांना सैनिकांच्या हवाली करण्यास त्यांनी नकार दिला होता. तेथे कोणाचाही कॅमेरा नव्हता, आणि जगाला या घटनेची ओळख होण्यास फार काळ जावा लागला.

हा भेद कुरखेड्याच्या वाचकास परका वाटू नये. १ मे २०१९ रोजी तालुक्यातील जांभुळखेड्याजवळ झालेल्या भूसुरुंग स्फोटात १५ पोलीस जवान आणि त्यांच्या वाहनाचा चालक मृत्युमुखी पडले, तेव्हा देशभरातील वाहिन्यांवर कुरखेड्याचे नाव झळकले. एरवी याच भागात भर पावसाळ्यात गरोदर मातेस दवाखान्यापर्यंत पोहोचविणाऱ्या परिचारिका आणि आशाताई बातमीत क्वचितच येतात.

चीनच्या त्या युद्धात डोल्या वाहणाऱ्यांमध्ये कॅथलिक संन्यस्तही होते. बेल्जियममध्ये जन्मलेले आणि पुढे चीनचे नागरिकत्व स्वीकारलेले फादर व्हिन्सेंट लेब यांनी आपल्या संघातील बंधूंसह चिनी सैन्यासाठी रुग्णवाहक पथके संघटित केली. १९४० मध्ये कम्युनिस्ट सैन्याने त्यांना काही आठवडे अटकेत ठेवले. सुटकेनंतर लवकरच, २४ जून १९४० रोजी, चोंगचिंग येथे त्यांचे निधन झाले. याच कम्युनिस्ट सैन्यात, त्याच वर्षी, सोलापूरचा एक तरुण डॉक्टर जखमींवर शस्त्रक्रिया करीत होता. इतिहास असा सरळ रेषेत चालत नाही.

भारतीय वैद्यकीय पथक

चिनी सेनापती झू द यांनी पंडित नेहरूंना पत्र लिहून डॉक्टर व औषधे यांची मागणी केली होती. १९३८ मध्ये काँग्रेसचे अध्यक्ष असलेल्या सुभाषचंद्र बोस यांनी देशाला आवाहन केले. लोकवर्गणीतून सुमारे २२,००० रुपये जमले. स्वतः पारतंत्र्यात असलेल्या देशाने दुसऱ्या देशास पाठविलेली ही मदत होती. १ सप्टेंबर १९३८ रोजी ‘राजपुताना’ या बोटीने पाच डॉक्टरांचे पथक मुंबईहून निघाले.

पथकाचे प्रमुख अलाहाबादचे डॉ. मदनमोहन अटल हे स्पेनच्या यादवी युद्धातील वैद्यकीय सेवेचा अनुभव घेऊन आलेले होते. उपप्रमुखपद नागपूरचे डॉ. चोळकर यांच्याकडे होते. काँग्रेसचे जुने कार्यकर्ते असलेले डॉ. चोळकर वयाने पथकातील ज्येष्ठांपैकी होते. आपल्या विदर्भातून एका डॉक्टरने त्या वयात अनोळखी देशातील रणभूमीवर जाणे, ही गोष्ट येथे जितकी माहीत असावयास हवी तितकी माहीत नाही. डॉ. बिजॉयकुमार बसू व डॉ. देबेश मुखर्जी हे दोघे बंगालचे. पाचवे डॉ. द्वारकानाथ शांताराम कोटणीस. १० ऑक्टोबर १९१० रोजी सोलापुरात जन्मलेले आणि मुंबईच्या सेठ गो. सुं. वैद्यकीय महाविद्यालयातून बाहेर पडलेले कोटणीस तेव्हा पदव्युत्तर शिक्षणाच्या तयारीत होते.

चीनमध्ये पोहोचल्यावर पाचही जणांच्या चिनी नावांच्या शेवटी ‘हुआ’ म्हणजे चीन हा शब्द जोडण्यात आला. कोटणीस झाले ‘के दिहुआ’. पथक हान्कोहून माघार घेणाऱ्या लोंढ्याबरोबर चोंगचिंगला आले. तेथे कोटणीसांना वडिलांच्या निधनाची वार्ता कळली. परत जाण्याची मुभा असूनही ते थांबले. फेब्रुवारी १९३९ मध्ये पथक येनानला पोहोचले. डॉ. चोळकर व प्रकृती बिघडलेले डॉ. मुखर्जी १९३९ मध्ये, तर डॉ. अटल १९४० मध्ये मायदेशी परतले. डॉ. बसू १९४३ पर्यंत राहिले.

कोटणीस आघाडीवरच्या प्रदेशात गेले. तेथे रुग्णालय म्हणजे खेड्यातील घर, शस्त्रक्रियेचे मेज म्हणजे दोन बाकांवर टाकलेला दरवाजा, आणि शत्रू जवळ आला की रुग्णांसह सर्व काही डोंगरात हलवावयाचे, असा क्रम असे. १९४० मधील एका मोठ्या मोहिमेत त्यांनी ८०० हून अधिक जखमींवर उपचार केले, एकदा तर सलग ७२ तास शस्त्रक्रिया चालू ठेवल्या, असे सांगितले जाते. जानेवारी १९४१ मध्ये ते बेथ्यून आंतरराष्ट्रीय शांतता रुग्णालयाचे पहिले संचालक झाले. ते चिनी भाषा शिकले आणि त्याच भाषेत विद्यार्थ्यांना शल्यचिकित्सा शिकवू लागले. १९४१ मध्ये परिचारिकांच्या शिक्षिका गुओ चिंगलान यांच्याशी त्यांचा विवाह झाला. पुढील वर्षी पुत्र झाला, त्याचे नाव ‘यिनहुआ’, म्हणजे भारत आणि चीन. ते शल्यचिकित्सेचे पाठ्यपुस्तक लिहीत होते. अपस्माराचे झटके येऊ लागले होते, तरी विश्रांतीसाठी आघाडी सोडण्यास त्यांनी नकार दिला. ९ डिसेंबर १९४२ रोजी, वयाच्या बत्तिसाव्या वर्षी, हेबेईतील तांग परगण्यात त्यांचे निधन झाले. पुस्तक अपूर्ण राहिले.

हरवलेल्या फिती आणि एक चित्रपट

ज्यांच्या नावाचे हे रुग्णालय होते, ते कॅनडाचे डॉ. नॉर्मन बेथ्यून चित्रफितीचे सामर्थ्य ओळखून होते. स्पेनमध्ये त्यांनी उभारलेल्या रक्तसंक्रमण सेवेचे चित्रण ‘हार्ट ऑफ स्पेन’ या १९३७ च्या अनुबोधपटात आहे, आणि त्या काळात निधीसंकलनासाठी तो दाखविला जात असे. चीनमध्ये ऑक्टोबर १९३९ मध्ये एका पडक्या देवळात शस्त्रक्रिया करणाऱ्या बेथ्यून यांचे जे विख्यात छायाचित्र आहे, ते वू यिनशियान यांनी घेतले. डच चित्रपटकार योरिस इव्हेन्स १९३८ मध्ये चीनच्या युद्धावर चित्रपट करण्यास आले असता त्यांना येनानला जाऊ देण्यात आले नाही. तेव्हा त्यांनी आपला कॅमेरा गुप्तपणे वू यांच्या हाती सोपविला. येनानच्या चित्रपट गटाने त्यावर काम सुरू केले. ‘येनान आणि आठव्या मार्गाची सेना’ या त्यांच्या मोठ्या अनुबोधपटाच्या फिती संस्करणासाठी १९४० मध्ये मॉस्कोला नेण्यात आल्या. पुढच्या वर्षी जर्मनीने रशियावर आक्रमण केले आणि त्या धामधुमीत त्या फिती कायमच्या नाहीशा झाल्या.

भारतात त्या वेळी वृत्तपट ही सरकारच्या युद्धप्रचाराची शाखा होती. १९४० मध्ये फिल्म सल्लागार मंडळ स्थापन झाले आणि १९४३ पासून ‘इंडियन न्यूज परेड’ हा वृत्तपट चित्रपटगृहांत दाखविणे सक्तीचे झाले. तो १९४६ मध्ये बंद पडला. स्वातंत्र्यानंतर १९४८ मध्ये स्थापन झालेल्या फिल्म्स डिव्हिजनने ती परंपरा चालविली. ब्रिटिश सरकारच्या या यंत्रणेस काँग्रेसने पाठविलेल्या पथकाचे कौतुक असण्याचे कारण नव्हते.

त्या फिल्म सल्लागार मंडळाचे प्रमुख निर्माते म्हणून व्ही. शांताराम यांनी काही काळ काम केले होते. तेथून बाहेर पडल्यावर त्यांनी ‘राजकमल कलामंदिर’ उभारले आणि १९४६ मध्ये ‘डॉ. कोटणीस की अमर कहानी’ हा चित्रपट काढला. ख्वाजा अहमद अब्बास यांच्या पुस्तकावर तो आधारलेला होता. नायकाची भूमिका स्वतः शांताराम यांनी, तर चिंगलानची जयश्री यांनी केली. आपल्यापैकी बहुतेकांच्या मनात कोटणीसांचा म्हणून जो चेहरा आहे, तो वस्तुतः शांतारामांचा. चित्रपटातील डॉक्टर एका भयंकर साथीच्या रोगावर उपाय शोधण्यासाठी स्वतःवर प्रयोग करतो आणि अखेरीस रुग्णाकडून झालेल्या संसर्गाने मरण पावतो. अपस्माराने झिजत, झटक्यांच्या मधल्या काळात वर्ग घेणारा आणि पुस्तकाची पाने लिहिणारा मनुष्य पडद्यावर दाखविणे अवघड असावे, हे समजू शकते. तरी मूळ हकिगत अधिक हृदयस्पर्शी आहे, असेच म्हणावे लागते.

गुओ चिंगलान २०१२ पर्यंत हयात होत्या. पुत्र यिनहुआ वैद्यकीय शिक्षण घेत असतानाच १९६७ मध्ये वारला. सोलापूर येथे कोटणीसांच्या राहत्या घरी स्मारक आहे. त्यांचे पार्थिव अवशेष हेबेई प्रांताची राजधानी शिजियाझुआंग येथील हुतात्मा स्मशानभूमीत आहेत; डॉ. बेथ्यून यांची समाधीही तेथेच आहे. बिशप श्रावेन यांचे झेंगडिंग तेथून उत्तरेस सुमारे पंधरा किलोमीटरवर आहे.